बाराच्या भोंग्यानंतर

सत्यम,

आज मी तुला पुन्हा 'तू' म्हणतो आहे. तुझं माझ्या बहिणीशी लग्न झाल्यावर रीतीप्रमाणे मी तुला 'तुमी' म्हणायला लागलो, तेव्हा तू आठ दिवस माझ्याशी धड बोलला नव्हतास. "आमच्या तेलुगूत बी 'मीरू' आन् 'नुव्वू' हाय," म्हणाला होतास. "पन दोस्तानं 'मीरू' म्हनलं का मानूस घाबरते. माझं काय चुकलं, मनून इचारते." मग आपण तडजोड केली. घरात, चारचौघांत तू माझा मेहुणा, म्हणून 'तुमी'. रात्री रस्त्यावर 'तू'. तीस वर्षं ती तडजोड पाळली. आज तुझी तेरवी झाली, पाहुणे गेले, भांडी परत गेली. लोक तुझ्याबद्दल बरंच चांगलं बोलले. मी मान हलवत बसलो होतो, कारण त्यातलं काही मला आठवत नव्हतं. मला आठवत होतं ते निराळंच, आणि ते चारचौघांत सांगण्यासारखं नव्हतं.

तुझ्या मिशीत कापूस होता. पहिल्यांदा दिसलास तो तसा.

त्या वर्षी आपलं आदिलाबाद जागच्या जागी राहिलं आणि राज्य बदललं. हैदराबाद संस्थान आधी भारतात विलीन झालं, आणि आठ वर्षांनी भाषा बघून त्याचे तीन वाटे पडले. मराठवाडा मुंबईकडे गेला, कानडी मुलूख म्हैसूरकडे, आणि आम्ही आंध्रात. तहसील कचेरीत माझी सगळी नोकरी उर्दूत गेली होती. मिसल, म्हणजे फाइल, उर्दूत, शेरा उर्दूत, साहेबाचं रागावणंसुद्धा उर्दूत. आणि एका सकाळी कागद फिरला : तेलुगूची परीक्षा द्या, मुदतीत पास व्हा, नाहीतर नोकरीचं खरं नाही.

बाजारापुरतं तेलुगू मला येत होतं. कांदे घ्यावेत, भावावरून भांडावं एवढं. अक्षर मात्र एक येत नव्हतं. चौतीस वर्षांचा बाप्या मी. बायको-पोरं तामसीला शेतावर, मी इथं दोन खोल्यांत, आणि सोबत धाकटी बहीण यमुना. तिचा नवरा वारल्यावर मी तिला माझ्याकडे आणलं होतं. पहिलीचं अंकलिपीचं पुस्तक घरी घेऊन बसायची मला लाज वाटायची. कचेरीत तर विचारूच नको; आमच्या शिपायाला तेलुगू वाचता येत होतं.

म्हणून मी रात्री बाहेर पडायला लागलो. गाव निजलं की तीन सेलची बॅटरी घेऊन बाजारात जायचो. दुकानांच्या जुन्या पाट्या उर्दूत होत्या आणि मालकांनी त्यांच्याखाली नवी तेलुगू ओळ रंगवून घेतली होती. वर उर्दू, खाली तेलुगू, नाव एकच. वरचं मला वाचता येई, त्यावरून खालचं अक्षर ओळखायचं. सुरुवातीला चोरासारखं वाटे. मग आवडायला लागलं. दिवसा ज्या बाजारात धक्के खावे लागत, तो सगळा रात्री माझा एकट्याचा असे. थंडीत धुराचा आणि सरकीचा वास खाली बसलेला असे. एखादं कुत्रं चार पाट्यांपर्यंत सोबत येई आणि मग, हा काही खायला देणारा नाही हे ओळखून परत जाई.

अशाच एका रात्री गस्तीच्या जमादारानं मला पकडलं.

"कौन है बे? ताले पे बत्ती मारके क्या देखरा?"

कचेरीतला बाबू अक्षर शिकतो आहे, हे सांगण्यापेक्षा चोर ठरणं मला सोपं वाटलं, खोटं नाही सांगत. तेवढ्यात तू आलास. सरकी काढायच्या, कापसाच्या जिनातून दुसरी पाळी सुटून निघाला होतास. तोंड वंगणानं काळं आणि मिशी कापसानं पांढरी. तरुण माणूस तोंडापुरता म्हातारा झाल्यासारखा.

"जमादार साब," तू म्हणालास, "ये मेरे साथ है. मैं नया आदमी, मेरे को रास्ता दिखाता."

जमादार गेला. तू तिथंच उभा राहिलास. "अब सच्ची बोलो. क्या देखते थे?"

अनोळखी माणसाला खरं सांगायला जड जात नाही. मी पाटीवर बोट ठेवलं आणि म्हणालो, "ते तिसरं अक्षर. प हाय का व?"

तू हसला नाहीस. याबद्दल मी तुझा जन्मभर आभारी आहे, आणि हे तुला कधी सांगितलं नाही. तू बॅटरी माझ्या हातातून घेतलीस, पाटीवर धरलीस. "वो 'व'. इसकी टोपी सर को चिपकी. 'प' की टोपी अलग." झालं. जे मला पंधरा दिवसांत कळलं नव्हतं ते एका वाक्यात कळलं. मी आनंदानं पुढच्या दुकानाकडे धावलो आणि तिथले दोन 'प' ओळखून दाखवले. थंडीत, रात्री साडेबाराला, दोन बाप्ये एका किराणा दुकानासमोर उभं राहून हसत होते.

"मेरे को मराठी सिखाओ," तू म्हणालास. "बराबर का सौदा."

"मराठी कशाले?"

तेव्हा तू ती गोष्ट सांगितलीस. तू राजमहेंद्रीकडून आलेला, जिनातला फिटर. पहिल्या आठवड्यात तुला दिवसपाळी होती. जिनावर कपाशी टाकणाऱ्या बाया सगळ्या आमच्या तामसीकडच्या, मराठी. एका दुपारी जिन तुंबलं. तू ओरडलास, "चालू! चालू!" तुमच्या तेलुगूत चालू म्हणजे पुरे, बस करा. बायांना वाटलं, साहेब म्हणतो चालू द्या. त्यांनी टोपल्यावर टोपल्या रिचवायला सुरुवात केली. तू जितका ओरडशील तितक्या त्या जोरात. पट्ट्यातून धूर निघाला. कापसाच्या ढिगाशेजारी धूर म्हणजे काय, ते जिनातल्या माणसाला सांगावं लागत नाही. तेवढ्यात एक बाई मधे पडली. तिनं पुढच्या बाईच्या हातातली टोपली हिसकली आणि ओरडली, "थांबा वं बायाहो! पुरे मनून राह्यला तो!"

"वो एक लडकी समझी," तू म्हणालास. "बाद में इतना हसी, इतना हसी..." आणि तू तिच्या हसण्याची नक्कल केलीस.

ती नक्कल हुबेहूब होती, सत्यम. ते हसणं मी लहानपणापासून ऐकत आलो होतो. यमुना. ती दोन महिन्यांपासून जिनात जात होती. "बसून खानार नाई मी," म्हणाली होती आणि मी भांडूनही तिनं ऐकलं नव्हतं. तहसीलीतल्या बाबूची बहीण मजुरीला जाते, हे कचेरीत कुणाला कळू नये म्हणून मी कितीदा विषय बदलला असेल. तुझ्यासमोरही तेच केलं. म्हणालो, "बरं, चाल. पुढची पाटी वाच."

पहिल्याच रात्री मला माहीत होतं. हे मी तुला तीस वर्षांत कबूल केलं नाही. तुला मात्र मी शंभरदा विचारलं, "मी तिचा भाऊ हाय, हे तुले मालूम होतं काय त्या रात्री?" आणि तू दरवेळी म्हणायचास, "पयले तू सांग. तुले मालूम होतं काय, मी कोनाबद्दल बोलून राह्यलो?" तिथंच आपलं भांडण अडायचं. घे, आज माझी बाजू मी सांगितली. तुझी राहिली.

तो हिवाळा! बाराचा भोंगा झाला की मी जिनाच्या फाटकाशी उभा असे. तू आलास की आपण बाजारातून निघून ट्रकांच्या थांब्यापर्यंत जायचो आणि मागच्या गल्लीनं परत. जाताना तेलुगू, येताना मराठी असा नियम होता. चहावाला त्या थांब्यावर, नागपूर रस्त्याच्या कडेला बसे. तो कुणाशीच बोलत नसे. आपण किती दिवस जाऊन बसलो, त्यानं एकदाही विचारलं नाही की तुम्ही कोण. फक्त तुझ्या चहात साखर जास्त घालायला लागला. ते तुझ्या आधी माझ्या लक्षात आलं.

आणि ती ओट्यावरची आजी. तिला झोप येत नसे. घोंगडी गुंडाळून ओट्यावर बसलेली असे आणि आपली पावलं ऐकली की विचारी, "किती वाजले रे?" सुरुवातीला मी उत्तर द्यायचो. एकदा तू मला कोपरानं ढोसलंस, छाती पुढं काढलीस आणि मोठ्यानं म्हणालास, "आजी, साडेबारा वाजली!"

"वाजले रे लेका, वाजले," ती म्हणाली. "वेळ बाई हाय, पन वाजनारे बारा बाप्ये हायेत."

ते व्याकरण तू जन्मभर विसरला नाहीस. पुढं माझ्या पोरांना मराठी शिकवताना तू तेच सांगायचास. दुसऱ्या रात्री तू तिला आधीच ओरडून सांगितलंस, "आजी, साडेबारा वाजले!" ती इतकी खूश झाली की तिनं पदराच्या गाठीतलं सुपारीचं खांड तुला दिलं. तुला सुपारी चालत नसे. तू ती चावलीस, डोळ्यांत पाणी येईपर्यंत, कोपरा वळेपर्यंत.

तेव्हा मला वाटायचं, एकटेपणा म्हणजे माणसं नसणं. मला कचेरीत माणसं होती, घरी बहीण होती, गावाकडे बायको-पोरं होती. तरी पाट्या वाचत फिरणारा मी एकटाच होतो. आणि तू, जो गावात कुणालाच ओळखत नव्हतास, तू रस्त्यानं चालताना असं चालायचास की जणू प्रत्येक बंद दारामागं तुझं कुणी निजलं आहे. "हळू बोल," म्हणायचास मला. "लोक झोपून राह्यले."

मग कचेरीत दुसरा कागद आला. ज्या मराठी नोकरांना इकडं राहायचं नसेल त्यांनी लिहून द्यावं, नांदेडकडे सोय होईल. मला वाटलं, सुटलो. परीक्षा नको, टोपीवाली अक्षरं नकोत. मी अर्ज भरला. त्या रात्री तुला दाखवला.

तू चहा प्यायला नाहीस. परत येताना आजीनं वेळ विचारली तर तीसुद्धा मलाच सांगावी लागली. माझ्या घराच्या गल्लीशी तू थांबलास.

"नामदेव, एक इचारू? रागावू नको." आणि मग तू ते वाक्य म्हणालास, जे तू नक्कीच कितीतरी रात्री घोकलं असशील, कारण त्यात एकही चूक नव्हती. "तू जाशील तर जा. पन यमुनाची मर्जी असली तं मले तिच्याशी लग्न करायचं हाय."

मी काय बोललो ते मला आठवतं. तू म्हणायचास की तुला आठवत नाही, ते खोटं होतं. मी म्हणालो, "म्हनून शिकवून राह्यला होता काय मले? काऊन आला माझ्या मागं, ते आता समजलं." आणखी पुष्कळ बोललो. भाषा, गाव, जात, सगळं काढलं. तू ऐकून घेतलंस. शेवटी फक्त म्हणालास, "हळू बोल. लोक झोपले हायेत." आणि गेलास.

त्यानंतर मी एकटा फिरलो. जिनाच्या बाजूला जायचं टाळायचो. पाट्या मला आता सगळ्या वाचता येत होत्या. तेच वाईट होतं. वाचून झालं, ओळखलं, पण बाजूला "हौ, बराबर" म्हणणारं कुणी नव्हतं. आजीनं विचारलं, "आज एकटाच काऊन? तो वाजलीवाला कुठं हाय?" मी म्हणालो, बिमार आहे. "मंग त्याच्या घरी जाऊन पाह्य," ती म्हणाली. "अंधारात काय पाह्यतं?"

घरी आलो तर यमुना जागी होती. ती रोजच जागी असे, दार उघडायला. पण त्या रात्री ती बसली नव्हती, उभी होती. हातात माझा नांदेडचा अर्ज. अर्ज मराठीत होता आणि तिला मराठी वाचता येत होतं. तिसरीपर्यंत शिकली होती.

"हे काय व्हय, दादा?"

"तुले सांगनारच होतो."

"आन् दुसरं? ते कवा सांगनार होता?" तिचा आवाज शांत होता. "जिनात सगळ्याईले मालूम हाय. मलेच घरच्यानं सांगतलं नाई. मले इचारलं काय कोनी?"

मी म्हणालो, "तो तेलंगा हाय."

"मालूम हाय. दोन महिने झाले, आमी त्याची बोली शिकून राह्यलो बाया मिळून. तू रात्री चोरून शिकतो, आमी दिवसा, पाळी बदलताना शिकतो." मग ती हसायला लागली. तेच हसणं. "दादा, तुले 'मंचिदी' आन् 'मंचमु' मधला फरक तरी मालूम हाय काय? एक चांगलं आन् एक खाट. परीक्षेत लिवशील, साहेब, तुमी लय खाट मानूस."

मी रागावलेला होतो. पण हसू आलं, सत्यम. काय करणार? रात्रीचा एक वाजलेला, बहीण माझी परीक्षा घेते आहे आणि मी नापास होतो आहे.

"तुही मर्जी हाय?" मी विचारलं.

"हाय. पन पयले तू त्याची माफी माग. उद्या नाई. आता."

मी निघालो. तू राहायचास ती जिनामागची खोली मला माहीत होती, पण आत कधी आलो नव्हतो. दार वाजवलं. तू कंदील घेऊन बाहेर आलास. मी वाटभर तेलुगूत वाक्य जुळवलं होतं : माझी चूक झाली. 'तप्पु', म्हणजे चूक. मी म्हणालो, "नादि तप्पु." तू कंदील वर धरून माझ्याकडे बघितलंस, आणि मास्तरासारखा म्हणालास, "बराबर. आता मराठीत."

मराठीत मला म्हणता आलं नाही. आपल्या भाषेत माफी मागणं फार अवघड असतं. मी तुझ्या खांद्यावर हात ठेवला. तुझ्या अंगावरचा कापूस माझ्या हाताला चिकटला. तू आत जाऊन दोन कप चहा केलास, बिनदुधाचा, कारण दूध नव्हतं. मराठीतली माफी राहिली ती राहिलीच. सत्यम, माझं चुकलं होतं. तुला मी जे बोललो ते वाईट बोललो. हे एवढंच, दोन ओळींचं. त्याला मी तीस वर्षं लावली.

अर्ज मी फाडला नाही. सरकारी कागद फाडायची मला सवय नाही. मी त्यावर उर्दूत 'वापस' लिहून तो कचेरीत परत दिला. परीक्षेत निबंध आला, 'आमचे गाव'. मी चौकापासून ट्रकांच्या थांब्यापर्यंत सगळ्या दुकानांच्या पाट्या क्रमानं लिहून काढल्या, मधे मधे क्रियापदं घातली. पास झालो. तुमचं लग्न त्याच्या पुढच्या महिन्यात झालं. तुझ्याकडून राजमहेंद्रीहून फक्त तुझी आई आली. ती आणि माझी बायको दोन दिवस एकमेकींशी खुणांनी बोलल्या आणि निघताना गळ्यात पडून रडल्या. आमच्याकडच्या काही जणांनी जेवण घेतलं नाही. त्यांच्या पत्रावळी उरल्या, म्हणून जिनातल्या सगळ्या बाया दोनदा जेवल्या. यमुना वाढत होती आणि तू ओरडत होतास, "चालू! चालू!" आणि त्या मुद्दाम आणखी मागत होत्या.

मग मीही गावाकडची माणसं इथं आणली. तुला पोरगी झाली, मला नातवंडं झाली. जिन बदललं, तू म्हातारा झालास, मी तुझ्याआधी झालो. आठवड्यातून एकदा तरी आपण रात्री फिरलो. डॉक्टरनं तुला जिने चढायला बंदी केली तेव्हा तू म्हणालास, "बाजार सपाट हाय." शेवटच्या महिन्यात तू ट्रकांच्या थांब्यापर्यंत पोचत नव्हतास. आपण अर्ध्या वाटेवर बंद दुकानाच्या पायरीवर बसायचो. तू बोलायचास, मी ऐकायचो. तुझं वऱ्हाडी तोवर माझ्यापेक्षा पक्कं झालं होतं. कचेरीनं माझं बिघडवलं होतं. त्या पायरीवर बसून तू एकदाही दुःखाचं बोलला नाहीस. पोरीच्या सासरचं बोललास, नव्या बसच्या वेळा सांगितल्यास, आणि लाल मिरचीच्या लोणच्यात मोहरी किती, यावर माझ्याशी तासभर वाद घातलास. त्यात मी हरलो, हेही आज कबूल.

आता आजची रात्र सांगतो, कारण ती तुला माहीत नाही.

सगळे निजल्यावर तुझ्या घरात मला झोप येईना. मी मफलर गुंडाळला, काठी घेतली आणि हळूच कडी काढली. मागून यमुनाचा आवाज आला.

"कुठं चालला, दादा?"

"असाच. एक चक्कर मारून येतो."

"थांब."

मला वाटलं, अडवते. ती आत गेली आणि शाल घेऊन आली. "तीस वरसं तुमाले दार उघडून देलं मी. बाहीर काय पाहून येता, ते कधी पाह्यलं नाई. मले बी घेऊन चाल."

"लोक काय मनतीन, यमुना? आज तेरवी झाली."

"लोक झोपले हायेत," ती म्हणाली.

आम्ही निघालो. ती रस्त्याच्या मधून चालत होती, कडेनं नाही. दिवसा त्याच रस्त्यावर गाड्या अंगावर येतात. चौकात ती थांबली आणि चारी बाजूंना बघत राहिली, जणू कुणी तिला नवं गाव दाखवलं होतं. "केवढा मोठा हाय रे हा रस्ता!" ती म्हणाली, आणि मग स्वतःशीच, "रातच्याले." मी तिला इथं काय झालं, तिथं काय झालं, सांगत गेलो. ती मधेच रडली, थोडं, चालता चालता, डोळे न पुसता. मग मी तिला तू सुपारी चावलीस ते सांगितलं. ती आधी तोंडावर पदर घेऊन हसली, मग पदर सोडून हसली. एका खिडकीत दिवा लागला आणि कुणीतरी डोकावलं. यमुनानं त्या माणसाला हात केला. त्यानं, काय समजलं कोण जाणे, हात केला आणि दिवा मालवला.

थांब्यावर आता एक तरणा माणूस चहा विकतो. ट्रकवाल्यांच्या बाकावर यमुना बसली, पाय वर घेऊन, शाल नीट करून. जन्मात पहिल्यांदा ती घराबाहेर रात्री चहा पीत होती. एक ड्रायव्हर बाजूला सरकला, तिला जागा केली आणि म्हणाला, "बैठो माताजी, ठंड बहुत है." ती त्याच्याशी बोलायला लागली. कुठून आला, घरी कोण आहे, पोरं काय करतात. मी कप हातात धरून ऐकत होतो. ड्रायव्हरला सांगण्यासारखं बरंच होतं, तिनं विचारायची खोटी होती.

दीड वाजून गेला तेव्हा आम्ही उठलो. मी दमलो होतो, काठी जोरात टेकत होतो. ती माझ्यापुढं चार पावलं चालत होती आणि सारखी मागं बघून थांबत होती.

"दादा," ती म्हणाली, "त्या तळ्याकडचा रस्ता रातच्याले कसा दिसते?"

"मालूम नाई. तिकडं आमी कधी गेलोच नाई."

"मंग उद्या तिकडून जाऊ. तू दुपारी झोपून घे जरा."

सत्यम, उद्या आम्ही तळ्याकडे जाणार आहोत.